पावणेचार फूट

सुरुवातीलाच माफी मागतो. लिहिणं हे माझं काम नाही. आमच्या घरात माझ्याआधी कोणी कॉलेजात गेलेलं नाही. मी गेलो तो आर्किटेक्चरला, आणि तिथं लिहिण्यापेक्षा रेघा ओढण्याचंच काम जास्त. त्यात मला जे सांगायचं आहे ते विचार आणि इमारत यांच्या नात्याबद्दल आहे. या विषयावर मोठमोठ्या लोकांनी लिहिलेलं मी ग्रंथालयात पाहिलं आहे, काही वाचलं आहे, थोडं समजलंही असेल. तेवढ्या बळावर बोलू नये हे मला कळतं. शिवाय एक इमारत मी चुकीची बांधून घेतली आहे, आणि तीही चुकून नाही, विचार करून. त्याचा त्रास मला झाला नाही, माझ्या आत्याला झाला. म्हणून लिहितो. कोणाला हे आगाऊपणाचं वाटलं तर त्यांचं बरोबर आहे.

आमचं गाव शेंदूरजनाघाटच्या अलीकडं. घरची संत्र्याची थोडी बाग आहे, आणि झाडांच्या मधल्या पट्ट्यात भाऊ भाजी लावतात. भाऊ म्हणजे माझे वडील, आमच्याकडं वडलांना भाऊ म्हणतात. आत्या त्यांची मोठी बहीण. माझ्या जन्माच्या आधीपासून ती आमच्याच घरी आहे. तरुणपणीच तिनं महानुभाव पंथाचा उपदेश घेतला. काचबिंदूनं तिची नजर हळूहळू गेली. आता तिला उजेड आणि सावली एवढंच कळतं. तरी स्वयंपाकातलं निम्मं काम ती करायची, बागेत एकटी जायची, आणि वर्षातून एकदा एसटीनं मोर्शीला जाऊन, तिथून गाडी बदलून पंथाच्या मोठ्या स्थानाला, रिद्धपूरला, दर्शनाला जाऊन यायची. सोबत कोणी येतो म्हटलं की तिला राग यायचा. "मी काय गठुडं हाय का उचलून न्यायले?" म्हणायची.

मी अमरावतीला शिकायला गेलो. पहिल्या वर्षी आम्हाला बसथांब्याचा निवारा काढायला दिला होता. मी मन लावून काढला. सरांनी कागद पाहिला आणि विचारलं, "यामागचा विचार काय?"

मला प्रश्नच कळला नाही. मी म्हणालो, "सर, पाणी आत येऊ नये."

वर्ग हसला. सर हसले नाहीत, त्याचं मला जास्त लागलं. ते शांतपणे म्हणाले, "ते तर छत्रीही करते."

खोलीवर माझ्यासोबत बडनेऱ्याचा एक मित्र राहायचा, त्याचे वडील रेल्वेत. तो संध्याकाळी मला म्हणाला, "अबे, तू रडून काहून राहिला? विचार आधी नसते राहत. आधी प्लॅन काढाचा, मंग त्याले विचार चिकटवाचा. सगळे तसंच करतेत."

त्याचं मला पटलं नाही. सरांना खरंच काहीतरी हवं होतं आणि ते माझ्याजवळ नव्हतं, असं मला वाटलं. आमच्या घरी विचार म्हणजे उद्या फवारणी करायची की परवा. मी एक वही केली आणि तिच्यात शब्द जमवायला लागलो. अवकाश. शून्य. केंद्र. प्रवास. संवाद. दुसऱ्या वर्षी मी बाजारातल्या सार्वजनिक शौचालयाच्या नकाशाखाली 'संवाद' हा शब्द वापरला होता, हे आता लिहिताना कान गरम होतात. पण मार्क वाढले. सर कधीकधी मान हलवू लागले. मी त्या मानेसाठी काम करू लागलो, हे मला तेव्हा कळलं नाही.

चौथ्या वर्षाच्या सुटीत गावच्या स्थानावरचे बाबाजी, म्हणजे पंथाचे साधू, घरी आले. आमच्या गावात महानुभावांचा एक ओटा आहे. ज्यांना माहीत नसेल त्यांच्यासाठी सांगतो: देव कधीकाळी जिथं बसले, जेवले किंवा निजले अशी परंपरा असते, त्या जागेवर ही मंडळी हातभर उंचीचा चौथरा बांधतात आणि त्यावर डोकं टेकवतात. त्याला ओटा म्हणतात. आमच्या ओट्यावर टिनाची एक खोली होती. पावसाळ्यात आजूबाजूचं पाणी आत शिरायचं. लोकांना जमीन उंच करून मोठा मंडप बांधायचा होता.

"दंडवत प्रणाम," बाबाजी म्हणाले, आणि चहा पिता पिता भाऊंकडं न बघता माझ्याकडं बघून बोलले. "आपल्या घरचा पोरगा हे शिकून राहिला, तर बाहेरचा कायले पाहा? नकाशा तूच काढ."

भाऊंची छाती फुगली. ते मला सगळ्यांसमोर 'अहो' म्हणायचेच बाकी होते.

बाबाजींनी एकच अट घातली. "खांब कुठीही लाव. छत कसंही कर. जमीन वर जाईन तसा ओटाही वर येईन, नवा बांधावा लागन, थेही ठीक. पण जुन्याच्या बरोब्बर वर. बोटभर इकडं नाई का तिकडं नाई." मी हो म्हणालो. मग ते चार महिन्यांसाठी फिरतीवर निघून गेले.

मला विचार हवा होता, म्हणून मी आत्याला विचारायला बसलो. ती ओसरीवर शेंगा सोलत होती.

"आत्या, ओट्यात देव असते का?"

"कायले? गोट्याविटात देव असते काय?"

"मंग त्याले नमस्कार काहून करता?"

तिनं शेंग सोलणं थांबवलं नाही. "तू अमरावतीले गेला का नाई? मंग तू गेल्यावर मी तुया खाटीवर हात फिरवते का नाई?"

"फिरवते."

"खाट म्हंजे तू हाय का?"

"नाई."

"झालं तर."

मी वकिली केली. म्हटलं, "पण उद्या भाऊनं खाट उचलून दुसऱ्या खोलीत टाकली तर?"

"खाट जाईन," ती म्हणाली. "तू जठी निजला होता थे जागा जाईन का? जागेले पाय असते का रे येड्या?" आणि हसली. मग शेंगांची टोपली माझ्याकडं सरकवली. "नुसता विचारून राहिला. हात चालव."

हे सगळं मी ऐकलं होतं. पुढं मी जे केलं ते अज्ञानानं केलं असं कोणी म्हणू नये, म्हणून हे बोलणं आठवतं तसं लिहिलं.

नकाशा मी जीव ओतून काढला. चारही बाजूंनी उघडा, खांबांचा मंडप. कुठूनही या, नजर मधोमध जाते. छताच्या मधोमध एक चौकोनी झरोका, त्यातून उजेडाचा तुकडा खाली पडतो. अडचण एकच होती. एका बाजूला विहीर आणि दुसऱ्या बाजूला रस्ता असल्यानं मंडप सरकवायला जागा नव्हती, आणि जुना ओटा मंडपाच्या मध्यापासून पावणेचार फूट दक्षिणेला येत होता. मी आधी त्याला तिथंच ठेवला. तसाच नकाशा कॉलेजात दाखवला.

सरांनी पेन्सिलनं ओट्याभोवती गोल केला. "सगळं केंद्राकडं नेतोस आणि केंद्रात काहीच नाही. ओटा बाजूला पडलाय. एकतर तुझा विचार बदल, नाहीतर ओटा."

यात सरांचा दोष नाही. हा ओटा हलवता येत नाही हे मी त्यांना सांगितलंच नाही. सांगितलं असतं तर ते थांबले असते, कदाचित त्यातूनच त्यांनी मला काही शिकवलंही असतं. पण मला ते सांगायची लाज वाटली. आमच्या गावात लोक एका जागेला पाया पडतात आणि ती जागा नेमकी कुठली याला फार जपतात, हे मला त्या वर्गात बोलवेना. बसथांब्याच्या वेळचं हसू माझ्या कानात होतं. मी ओटा मधोमध आणला आणि खाली नोंद लिहिली: 'केंद्र सापडत नाही, केंद्र स्थापावं लागतं.' ते वाक्य मला इतकं आवडलं की मी ते बडनेऱ्याच्या मित्राला दोनदा वाचून दाखवलं.

आता कधी कधी वाटतं की वाक्य वाईट नसेलही. एखाद्या नव्या गावाच्या चौकासाठी ते खरं असू शकेल. पण ते मी जिथं वापरलं तिथं त्याच्या अगदी उलटा विचार शेकडो वर्षं जपलेला होता, आणि तो विचार माझ्या घरच्या ओसरीवर बसून शेंगा सोलत होता. मी दोन विचारांची तुलना करून एक निवडला असता तरी मला थोडं बरं वाटलं असतं. मी एकाला विचार समजलो आणि दुसऱ्याला आपल्या लोकांची समजूत. एवढंच झालं.

बांधकाम सुरू झालं तेव्हा टिनाची खोली पाडली. भिंती गेल्या आणि उघड्या मैदानात तो ओटा एकदम लहान दिसायला लागला. गावातले लोक यायचे, दंडवत घालायचे, मला "साहेब" म्हणून चिडवायचे आणि जायचे. मुरूम भरायचा होता त्या सकाळी मिस्त्री दोरी घेऊन उभा राहिला. मिस्त्री आमच्याच गावचा, माझ्या वडलांच्या वयाचा.

"नव्या ओट्याचा मध्य इथं धराचा नं?" त्यानं जुन्या ओट्यावर हात ठेवला.

मी कागद उघडला, जणू मला बघावं लागणार होतं. "नाई. इथं," मी म्हणालो आणि पावणेचार फूट उत्तरेला खुंटी दाखवली.

तो माझ्याकडं बघत राहिला. "बाबाजीनं तर..."

"नकाशा तसाच आहे काका."

"तुमी म्हनता तर तुमी म्हनता," तो म्हणाला. "तुमी शिकलेले." आणि त्यानं दोरी तिकडं नेली. जुन्या ओट्यावर धुतलेलं कापड अंथरलं, वर विटांचं झाकण केलं, आणि दुपारपर्यंत तो मुरमाखाली गेला. मी तिथंच उभा होतो. दोन-तीन म्हातारी माणसं बघत होती. भिंती नव्हत्या, खुणा नव्हत्या, कोणाला काही वाटलं नाही. त्यांनी मोजावं तरी कशाला? मोजायचं काम त्यांनी माझ्यावर सोपवलं होतं.

मंडप सुंदर झाला. हे मी नाकारत नाही, आणि त्याचीच जास्त शरम वाटते. पहिल्या दिवशी सगळा गाव जमला. बाबाजी परत आले होते. दुपारी बाराला झरोक्यातला उजेड बरोबर ओट्यावर पडला तेव्हा लोकांच्या तोंडून आवाज निघाला. भाऊ कडेला उभे राहून उगाच डोळे पुसत होते.

मग आत्या आली. मंडपाच्या पूर्वेला निंबाचं झाड आहे. तिची रीत अशी होती की त्या निंबाला पाठ टेकवायची आणि नाकासमोर चालत जायचं. जुन्या खोलीचं दार, उंबरा, मग ओटा. आता दार नव्हतं, पायऱ्या होत्या. त्या तिनं पायानं चाचपल्या, चढली, आणि सरळ चालत गेली. मी तिची दिशा पाहत होतो. ती ओट्याच्या बाजूनं, पावणेचार फूट अंतरावरून गेली, एका जागी थांबली, गुडघे टेकले, आणि कोऱ्या फरशीवर डोकं ठेवलं.

बायका हसल्या. प्रेमानंच हसल्या. "अवं आत्या, इकडं! फरशीले कायले पाया पडून राहिली? ओटा इकडं हाय!"

आत्यानं हात फिरवला. फरशी गार, सपाट. तिनं पुन्हा हात फिरवला, लांबपर्यंत. कोणीतरी तिला दंडाला धरून उठवलं आणि ओट्यापाशी नेलं. तिनं तिथं डोकं टेकवलं. उठताना म्हणाली, "तठीच असाले पायजे होतं." कोणाला उद्देशून म्हणाली कोण जाणे. मी दहा पावलांवर होतो. तोंड उघडलं नाही.

पुढच्या खेपेला तसंच झालं, त्याच्या पुढच्यालाही. दर वेळी ती त्याच जागी थांबायची, दर वेळी कोणीतरी तिला "इकडं, इकडं" करून ओढायचं. मग ती निंबापाशी थांबायला लागली, कोणी हात धरेल म्हणून.

इकडं कॉलेजात मंडपाची छायाचित्रं भिंतीवर लागली. परीक्षणाला बाहेरून आलेल्या एका बाईंनी माझी ती नोंद मोठ्यानं वाचली आणि म्हणाल्या, "या मुलाकडं विचार आहे." सरांनी मान हलवली. चार वर्षं मी ज्याची वाट पाहिली ते हेच होतं. मी "थँक्यू मॅडम" म्हणालो आणि खाली पाहिलं. त्यांना वाटलं मी लाजतोय.

शेवटच्या वर्षी प्रशिक्षणासाठी मी अकोल्याला एका ऑफिसात लागलो. ऑफिस लहान, तिथल्या मॅडम एकट्याच ते चालवतात. पहिल्याच आठवड्यात त्यांनी मला एका म्हाताऱ्या जोडप्याच्या घरी पाठवलं. घर वाढवायचं होतं. मी टेप काढून भिंती मोजल्या आणि परत आलो.

मॅडमनी विचारलं, "आजोबा कुठं बसतात?"

"खिडकीपाशी, खुर्चीवर."

"खिडकीपासून किती?"

मला माहीत नव्हतं. त्यांनी मला परत पाठवलं. "खुर्चीच्या पायांनी फरशी घासली असेल, ती जागा मापून आण. आधी माणूस कुठं बसतो ते कागदावर येऊ दे, भिंती मग काढू." त्या हे अगदी साध्या आवाजात बोलल्या, वहीत लिहून घ्यावं असा एकही शब्द त्यात नव्हता. मी गेलो आणि गुडघ्यावर बसून फरशीवरचे चार घासलेले डाग मापले. आजोबा वरून बघत होते. "काय शोधून राहिला बेटा, काही पडलं का?" त्या फरशीवर मला आत्याचा फिरणारा हात दिसत होता.

तरीही मी बोललो नाही. हे कबूल केलं पाहिजे. आणखी दोन महिने गेले.

आईचा फोन आला की मी आत्याची चौकशी करायचो. आई सांगायची, तिचं डोकं आता ठिकाणावर राहत नाही. "ज्या ओट्यावर जनम गेला थो तिले सापडत नाई, मंग गॅस कसा देऊ तिच्या हाती?" आगपेटी वरच्या फळीवर गेली. बागेत जायचं बंद झालं. रिद्धपूरचं तर भाऊंनी नावच काढू दिलं नाही. आईनं हे सगळं काळजीनं केलं. तिच्या जागी मी असतो तर मीही हेच केलं असतं. तिला जे दिसत होतं त्यावरून तिनं निष्कर्ष काढला होता.

एका रविवारी आत्यानंच फोन मागून घेतला. इकडचं तिकडचं बोलली, जेवलास का विचारलं. मग आवाज खाली आणून म्हणाली, "बापू, तू शिकलेला हायस. खरं सांगजो. मी येडी होऊन राहिली का रे?"

मी म्हणालो, "नाई आत्या."

"मंग मले तठी कावून वाट्टे? दर खेपी तठीच वाट्टे."

मी म्हणालो, "मी येतो." फोन ठेवला आणि दुसऱ्या दिवशी मॅडमना सुटी मागून सकाळची गाडी पकडली. बडनेऱ्याला उतरून एसटीनं गावी पोहोचेपर्यंत मी मनात वाक्य तयार करत होतो. एकही चांगलं वाक्य झालं नाही.

आधी भाऊंना सांगितलं, बागेत. ते झाडाच्या बुडाशी आळं करत होते. सगळं ऐकून ते फावड्यावर टेकून उभे राहिले. मला वाटलं आता मारतील. ते म्हणाले, "कोनाले सांगू नको."

"भाऊ..."

"तुया नावाचा दगड लागला हाय तठी. गाव काय म्हनन? अन् तिचं वय झालंच हाय. आज ना उद्या होनारच होतं."

माझ्या वडलांच्या तोंडून मी इतकं वाईट वाक्य कधी ऐकलं नव्हतं, आणि ते त्यांच्याकडून मी वदवून घेतलं होतं. ते मला वाचवत होते. त्यांच्या बहिणीला देऊन वाचवत होते. त्यांनाही ते कळलं असावं, कारण त्यांनी लगेच पाठ फिरवली आणि माती ओढायला लागले.

मी बाबाजींकडं गेलो. दंडवत घातला आणि उठायच्या आतच बोलून टाकलं, कारण उठलो असतो तर बोललो नसतो. बाबाजी रागावले नाहीत. त्यांनी फक्त विचारलं, "किती?"

"पावणेचार फूट."

"कोन्या अंगाले?"

"जुना दक्षिणेला राहिला."

"मिस्त्रीले बोलाव. अन् तुया आत्याले आन."

मिस्त्री आला तो पहार घेऊनच आला. मी जागा मोजायला टेप काढला. तो म्हणाला, "राहू द्या साहेब. म्या खाली चार विटांची अन् वर फरशीच्या कोपऱ्याले खून करून ठेवली होती. मले माईत होतं कधी ना कधी उकराच लागन." त्यानं थेट एका फरशीवर पहार लावली. खालून विटा निघाल्या, मग कापड, आणि कापडाखाली चुन्याची पांढरी कड.

आत्या काठावर बसून आवाज ऐकत होती. तिला कोणी काही सांगितलं नव्हतं. मी तिचा हात धरून त्या खड्ड्यात नेला. तिचा हात कडेवर पडला आणि तिथंच थांबला. ती पालथी झाली, डोकं टेकवलं, आणि बराच वेळ उठली नाही. बायका रडायला लागल्या. बाबाजी डोळे मिटून उभे होते.

उठल्यावर तिनं विचारलं, "कोनं केलं?"

"मी," मी म्हणालो.

"चुकलं?"

इथं खोटं बोलायची सोय होती. "नाही. ठरवून केलं. मधोमध दिसावं म्हणून."

"तुले माईत होतं का? मी दर खेपी बरोबर येऊन राहिली म्हनून?"

"हो."

"पह्यल्या दिसापासून?"

"हो."

तिनं पदरानं कपाळाचा चुना पुसला. मग आईकडं तोंड करून म्हणाली, "घरी चाल. आगपेटी काढ खाली." आणि आईचा हात न धरता पायऱ्या उतरली. त्या संध्याकाळी तिनं एकटीनं भाकरी केल्या. माझ्यापुढं ताट आलं, पण ते आईनं आणलं. दुसऱ्या सकाळी मी निघालो तेव्हा मी तिच्या पाया पडलो. तिनं पाय मागे घेतले नाहीत आणि हातही ठेवला नाही.

अकोल्याला येऊन तिसरा दिवस. सकाळी दहाला भाऊंचा फोन आला की आत्या घरात नाही. पिशवी नाही, काठी नाही. विहिरी पाहून झाल्या, बाग पाहून झाली. मी निघतो म्हणालो तर भाऊ ओरडले, "तू काय करशीन येऊन? झालं तेवढं पुरे!" आणि फोन कापला.

दिवसभर मी टेबलाशी बसून होतो. मॅडमना मी सगळं सांगितलं, पहिल्यांदाच. त्यांनी ऐकलं, चहा मागवला, मला कुठलंही काम दिलं नाही. मी त्या मंडपाचा नकाशा पुन्हा काढत बसलो, यावेळी ओट्यापासून सुरुवात करून. ओटा जिथं आहे तिथं, आणि मग खांब. खांब विषम अंतरावर येत होते. झरोका बाजूला गेला. विचित्र दिसत होतं, पण ते उभं राहिलं असतं. हे चौथ्या वर्षीही मला काढता आलं असतं, इतकं ते सोपं होतं. दुपारी एकला भाऊंना फोन केला, तीनला केला. भाऊ "नाई" एवढंच म्हणायचे.

पाचच्या सुमाराला फोन वाजला. भाऊच होते. आवाज बसलेला होता.

"पोहोचली," ते म्हणाले. "रिद्धपूरले. तठच्या एका बाबाजीनं फोन लावून देल्ला. मोर्शीले एकटीनं गाडी बदलली म्हने."

मी विचारलं, "बरी आहे?"

"जेवली. दर्शन झालं."

"माझ्याशी बोलेल का?"

भाऊ म्हणाले, "विचारलं होतं म्या. नाई म्हने." मग म्हणाले, "आठ दिवस राहीन म्हने. अन् घ्याले कोनी येऊ नका म्हने. माही मी येईन."